जमिनीवरची नावं

आमच्याकडं घराबाहेर पडणाऱ्या माणसाला ‘कुठं चाललात’ असं विचारायचं नसतं. विचारलं की काम फिसकटतं, माणूस उंबऱ्यातूनच मागं फिरतो. कन्नडला, माझ्या माहेरच्या गावी, आईनं हे मला मी चालायला लागायच्या आधीच शिकवलं असेल. जाणारा ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. मागं राहणारा ‘या’ म्हणतो आणि गप बसतो. साप निघाला तर लांबडं म्हणायचं, बांगडी फुटली तर वाढली म्हणायचं. आणि नवऱ्याचं नाव तर घ्यायचंच नाही. मी लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच. सारं गाव त्यांना नानासाहेब म्हणायचं. मी ‘हे’ म्हणत आले आणि इथंही ‘हे’च म्हणणार आहे.

एवढं आधी सांगून ठेवते, कारण पुढं जे झालं ते या एका चालीपायी झालं. आणि ही चाल आपलीच, असंही नाही. उत्तरेकडच्या गार समुद्रात कुठं दोन-चार डझन बेटं आहेत, तिथले लोकही हेच पाळायचे. मला त्या बेटांची माहिती असायचं काही कारण नव्हतं. पण ती बेटं माझ्या घरात येऊन राहिली, त्याला मी काय करू?

हे आणि शौकतभाई औरंगाबादेत एकाच शाळेत मास्तर होते. हे इतिहास शिकवायचे, शौकतभाई भूगोल. निजामाच्या वेळी सगळं उर्दूत. यांची उर्दू खेड्यातली, वर्ग तोंडावर हसायचा. मग शौकतभाई रोज संध्याकाळी आमच्याकडं येऊन यांच्याकडून दुसऱ्या दिवशीचा धडा घोटून घ्यायचे, आणि मी चहा करून करून कावायचे. पुढं पोलीस ॲक्शन झाली. त्या दिवसांचं मी काही सांगत बसत नाही. ज्यांनी पाहिले त्यांना ठाऊक आहेत, ज्यांनी नाही पाहिले त्यांनी सुखानं जेवावं. हळूहळू शाळेत मराठी आली. शुक्रवारची सुट्टी जाऊन रविवारची आली. आता शौकतभाईंच्या मराठीला वर्ग हसायला लागला. बाजारात ते फर्डं मराठी बोलायचे, माझ्यापेक्षा झणझणीत. पण फळ्यावर ‘अक्षवृत्त’ लिहायचं म्हटलं की त्यांचा खडू अडायचा. मग हे रोज संध्याकाळी त्यांच्या घरी जाऊन धडा घोटून घ्यायला लागले. चहा करायची पाळी जाहेदावर आली. जाहेदा म्हणजे शौकतभाईंची बायको. तिला मूलबाळ नव्हतं, मलाही नव्हतं, त्यामुळं आम्हा दोघींचं जमायचं.

छावणीत एक म्हातारा स्कॉच पाद्री राहायचा. तो कायमचा आपल्या देशाला निघाला तेव्हा त्याच्या सामानाचा लिलाव झाला. हे दोघं आरामखुर्ची आणायला गेले. खुर्ची भलत्यानंच नेली आणि हे दोन जाडजूड पुस्तकं काखेत मारून आले.

“हे काय?” मी विचारलं.

“कोश आहे.”

“कशाचा?”

“मेलेल्या भाषेचा,” शौकतभाई म्हणाले.

“बसायला खुर्ची आणा म्हटलं होतं,” मी म्हटलं, “तर मढं उचलून आणलंत.”

दोघंही हसले. त्या दिवसांत ते दोघं एकदम हसले की मला बरं वाटायचं, म्हणून मी आणखी काही बोलले नाही.

त्या भाषेचं नाव नॉर्न. पाद्रीसाहेब त्याच बेटांवरचा. त्याच्या खापरपणजीच्या तोंडी ती भाषा होती म्हणे, त्याच्या आईच्या तोंडी एक शब्द नाही. शौकतभाई कोशाची प्रस्तावना वाचायचे आणि मला मराठीत सांगायचे. तेवढाच त्यांचा मराठीचा सराव. ती बेटं मूळ नॉर्वेच्या बाजूच्या राजाची. त्याच्याकडं लेकीच्या हुंड्याला पैसा नव्हता, म्हणून त्यानं बेटं जावयाकडं गहाण टाकली. गहाण टाकलेलं पुढं कधी सुटलं नाही. राज्य बदललं, कचेरीची भाषा बदलली, देवळातली बदलली. कोणी दवंडी पिटून बंदी घातली नाही. पण पोराचं भलं नव्या भाषेत आहे हे आयांना कळलं आणि आयांनी जुनी बोलायची सोडली. शेवटी शेवटी एखाद्या म्हाताऱ्याला गाणं पाठ असायचं, पण त्याचा अर्थ त्यालाच सांगता यायचा नाही.

“तीनशे वर्षं लागली बघा वहिनी त्यांना,” शौकतभाई म्हणाले. “आपल्या शाळेनं तीन वर्षांत उरकलं.”

ते हसत म्हणाले, पण हे हसले नाहीत.

त्या मढ्यात दोघांचा जीव का रमला, ते मला आधी कळलं नाही. मग शौकतभाईंनीच एकदा सांगितलं. “उर्दूत नाना खाली, मराठीत मी खाली. या जबानीत दोघं सारखेच अडाणी. आम्ही उच्चार बरोबर करतो का चूक, हे सांगायला दुनियेत कोणी जिता नाही. मग हसणार कोण?”

रविवारी आम्ही चौघं पाणचक्कीला जायचो. आम्ही दोघी वडाखाली, ते दोघं हौदाच्या कठड्यावर. कठडा म्हणजे यांची होडी. हौद म्हणजे ‘हाफ’. हाफ म्हणजे त्या भाषेत खोल समुद्र. दोघांनीही जन्मात समुद्र पाहिला नव्हता. हौदात गुडघ्याएवढ्या पाण्यात मासे फिरायचे, आणि हे दोन बाप्ये त्याला समुद्र म्हणून वाऱ्याची नावं घ्यायचे.

होडीचा एक नियम होता. तो यांनी केलेला नव्हता, त्या बेटांवरचाच होता. जमिनीवर ती भाषा मेली तरी कोळ्यांच्या होडीत तिचे शब्द पुढं कितीतरी वर्षं टिकले. कारण समुद्रात जमिनीवरची नावं घ्यायची नाहीत, घेतली की घात होतो. मांजराला मांजर म्हणायचं नाही, चर्चला चर्च म्हणायचं नाही, पाद्र्याला तर ‘उभा राहणारा’ म्हणायचं. या सगळ्याला जुने शब्द ठेवलेले. या दोघांनी शाळेतल्या हेडमास्तरला ‘उभा राहणारा’ करून टाकलं आणि दोघं पोरांसारखे खिदळले. आणि आणखी एक. समुद्रावर निघालेल्याला कुठं चाललास असं चुकूनसुद्धा विचारायचं नाही. विचारलं तर तो माणूस मागं येत नाही.

“हे तर आमच्या कन्नडला पण हाय,” मी म्हटलं. “त्यासाठी एवढं जाड पुस्तक कशाला पाहिजे?”

जाहेदा म्हणाली, “हमारे में बी है.”

मग भाषावार राज्याची बोलणी सुरू झाली. औरंगाबाद मुंबई राज्यात जाणार, हैदराबाद तुटणार. शाळेत शौकतभाईंचा भूगोल काढून दुसऱ्याला दिला आणि त्यांना खालच्या वर्गाच्या कवायतीला उभं केलं. कोणी वाईट बोललं नाही, ते एक फार वाईट होतं. सगळे गोड. जाहेदाचा भाऊ हबीब आधीच कराचीला गेलेला, तो बोलावत होता. शौकतभाईंनी अजून काही ठरवलेलं नव्हतं, पण बाकीच्यांनी ठरवून टाकलं. शाळेत हेडमास्तर विचारायचा, “मग, कधी निघताय?” पोस्टात, वाण्याकडं, न्हाव्याकडं तेच. आमच्या गल्लीतले तात्यासाहेब तर भर रस्त्यात आदबीनं म्हणाले, “निघायच्या आधी घराचं आमच्या कानावर घाला बरं का.” असं म्हणून त्यांनी पानाचा डबा पुढं केला. शौकतभाईंनी पान घेतलं. मला त्या दिवशी तात्यासाहेबांच्या तोंडावर डबा फेकून मारावासा वाटला.

आणि एक दिवस कळलं, तिकिटं निघाली. मनमाडवरून मुंबई, मुंबईहून जहाज.

जाहेदा माझ्याकडं आली ती रिकाम्या हातानं. एरवी काहीतरी वाटीत झाकून आणायची. चुलीशी बसली आणि पदर तोंडाला लावून म्हणाली, “वच्छलाबाई, एक बात बोलतूं. इनो बोलते, सब पूछे मेरे कू, कब जा रे, कब जा रे. एक बी आदमी पूछा नैं, कां जा रा तू शौकत, कायकू जा रा. नानासाब इत्ता पूछे तो मैं सामान खोल देतूं बोलते.”

“मग तू सांग ना यांना.”

“मैं बोली तो वो पूछना हुआ क्या? उनो अपने दिल से पूछना.”

बाईचं खरं होतं. सांगून विचारायला लावलेल्या प्रश्नाला काय अर्थ? पण मी काही जाहेदा नव्हते. हे घरी आल्या आल्या, पायावर पाणी घेतात न घेतात तोच मी सुरू केलं.

“शौकतभाईला विचारा, कुठं चाललास म्हणून.”

“नाय विचारायचं.”

“का? तोंड नाय का तुम्हाला?”

“निघालेल्याला विचारत नसतात. तुला कोणी सांगायला पाहिजे का?”

“अवो, ते कोळ्यांचं झालं.”

“तो समुद्रावरच चाललाय,” हे म्हणाले. मग खाली बसले आणि हळू आवाजात म्हणाले, “वच्छले, मी विचारलं आणि तो मागं आलाच नाय तर? न विचारता गेलेलं माणूस परत येतं. वर्ष-दोन वर्षांत येईल बघ. त्याला तिकडं करमणार नाय.”

मला भारी राग आला. शिकलेला माणूस, पोरांना राजांच्या लढाया शिकवणारा, आणि आईच्या पदराखालची भीती काही सुटली नव्हती. पण राग तरी कसा धरू? तो परत यावा म्हणूनच हे गप होते. सगळं गाव त्याला घालवत होतं आणि हे एकटे त्याच्या परत येण्याची वाट मोकळी ठेवत होते. फक्त त्याला थांबवायचं, एवढं यांच्या ध्यानात येत नव्हतं.

“जाहेदा म्हणते, तुम्ही विचारलं तर ते थांबतील,” मी सांगून टाकलं. जाहेदाचं मन मोडलं तर मोडलं.

यांनी मान हलवली. “ती बायको आहे, ती म्हणणारच. त्यानं ठरवलंय. त्याच्या जाण्यात मी कशाला मोडता घालू? त्याला सांगायचं असेल तर तो सांगेल.”

दोघंही वाट बघत होते, एक विचारण्याची, एक सांगण्याची. असले हे दोन शहाणे.

शेवटच्या रविवारी आम्ही पाणचक्कीला गेलो. जाहेदा माशांना मुरमुरे टाकत होती आणि माझं सगळं लक्ष कठड्याकडं. त्या भाषेत दोघांना धड वाक्य जुळवता येत नव्हतं, नुसते शब्द एकापुढं एक ठेवायचे. शौकतभाईंनी ठेवले. होडी. वल्हं. पश्चिमेचा वारा. मग त्यांनी घराला कोळी जो शब्द वापरायचे तो म्हटला आणि थांबले. घर हा शब्द मलाही कळत होता, रविवारी ऐकून ऐकून. तो शब्द ठेवून ते यांच्याकडं बघत राहिले.

यांनी बराच वेळ हौदात पाहिलं. मग चांगल्या हवेला जो शब्द आहे तो म्हटला. निघणाऱ्याला निरोप म्हणून द्यायचा.

शौकतभाईंनी मान डोलावली. मग दोघं नेहमीसारखे उठले आणि जोडे घातले. वाटेत शेंगा घेतल्या. जाहेदानं माझ्याकडं पाहिलं नाही.

स्टेशनवर दुपारची गाडी होती. सामान फारसं नव्हतं, लोखंडी ट्रंक, दोन वळकट्या, आणि जाहेदाचं शिवणयंत्र पोत्यात बांधलेलं. शाळेतलं कोणी आलं नाही. कोशाचा एक भाग शौकतभाईंनी नेला, एक यांच्याकडं ठेवला. दोघांकडं अर्धी अर्धी भाषा. मी म्हटलं, “आता शब्द अडला तर काय कराल?” शौकतभाई म्हणाले, “अडेल तेव्हा येईन, वहिनी.”

जाहेदा आत बसून माझा हात सोडत नव्हती. शौकतभाई डब्याच्या दारात उभे, हे खाली फलाटावर. गार्डानं झेंडी काढली. शौकतभाई खाली वाकले, यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, “नाना, आता आपण होडीत नाय. जमिनीवर हाओत.”

मला ते स्पष्ट ऐकू आलं. याहून उघड माणूस काय बोलणार? मी मनातल्या मनात ओरडत होते, विचारा, अवो विचारा. मी स्वतः विचारलं असतं, पण माझ्या विचारण्याला तिथं काही मोल नव्हतं. ते ज्याची वाट बघत होते तो माझ्याशेजारी उभा होता.

यांचे ओठ हलले. मग यांनी हात जोडले आणि म्हणाले, “या.”

“येतो,” शौकतभाई म्हणाले, आणि गाडी हलली.

सुरुवातीला पत्रं आली. नोकरी लागली, शाळाच होती. तिकडचे लोक त्यांच्या उर्दूला हसतात असं त्यांनी लिहिलं, दखनी म्हणून. समुद्र रोज दिसतो, पण त्याच्याशी बोलावं असं काही वाटत नाही, असंही लिहिलं. यांनी ते पत्र वाचून दाखवलं आणि म्हणाले, “बघ, करमत नाय. येईल.” मग दोन्हीकडं कडक झालं, परवाने मिळेनात, पासष्टची लढाई झाली. पत्रं तुटली. हे रविवारी एकटेच पाणचक्कीला जायचे. मी एकदा मागून जाऊन पाहिलं. कठड्यावर बसले होते, काही बोलत नव्हते. भाषेला दोन तोंडं लागतात. एका तोंडात राहिलेली भाषा म्हणजे नुसती जीभ.

लढाई संपून बरेच दिवस झाल्यावर हबीबचं कार्ड आलं, कुणा नातेवाइकाच्या हातून, फिरत फिरत. शौकतभाई गेले. गेले म्हणजे आधीच गेले होते, लढाईच्याही आधी, आणि हे इकडं वाट बघत होते. जाहेदा भावाकडं आहे. एवढंच.

यांनी कार्ड खिशात ठेवलं आणि जेवायला बसले. नीट जेवले. ना रडले ना बोलले. मला वाटलं, कठोर झाला माणूस. शाळेत गेले, आले, पेपर तपासले. शनिवारी गिरणीतून दळण आणलं.

रविवारी हे नेहमीसारखे तयार झाले. टोपी घातली, काठी घेतली. काखेत कोशाचा तो एक भाग. तो हे कधी घराबाहेर नेत नसत. मी दारात गहू निवडत बसले होते. आमच्या लग्नाला इतकी वर्षं झाली, मी यांना बाहेर पडताना कधी हटकलं नव्हतं. सासूच्या मौतीच्या सामानाला निघाले तेव्हा नाही, पोलीस ॲक्शनच्या धामधुमीत निघाले तेव्हा नाही. हे बूट घालून उंबऱ्याच्या बाहेर एक पाय टाकतात न टाकतात तोच माझ्या तोंडून गेलं.

“कुठं चाललात?”

यांचा पाय तसाच राहिला. मला वाटलं, आता चिडतील. हे वळले नाहीत. तसेच पाठमोरे उंबऱ्यावर खाली बसले, पुस्तक मांडीवर घेतलं, आणि खांदे हलायला लागले. मी सूप बाजूला ठेवून जवळ गेले. इतक्या वर्षांत मी या माणसाला रडताना पाहिलं नव्हतं. आवाज न करता, तोंड उघडं टाकून रडत होते. गल्लीतून माणसं जात-येत होती. मी उठवलं नाही.

बऱ्याच वेळानं यांनी वाकून एक बूट काढला. मग दुसरा काढला. दोन्ही बूट उंबऱ्याच्या आत ओढून घेतले आणि माझ्याकडं बघून म्हणाले,

“बघ. थांबलो मी.”